राजमुकुट गेला, सोवळे राहिले!

परवा आपल्याच एका वसतिगृहाच्या व्हॉट्सअॅप गटात एक व्हिडिओ फिरत होता. युरोपातल्या कुठल्याशा राजघराण्याचे लग्न. घोडागाडी, जमिनीवर लोळणारा पांढरा झगा, चर्चची घंटा, हात हलवणारी गर्दी. खाली बदामांचा पाऊस आणि "काय थाट आहे राव!" अशा प्रतिक्रिया. प्रतिक्रिया टाकणारी पोरे कोण? स्पर्धा परीक्षांची तयारी करणारी. चौदा एप्रिलच्या मिरवणुकीत घसा बसेपर्यंत घोषणा देणारी. मी विचारले, "हे कुठल्या देशाचे राजा-राणी?" उत्तर आले, "जर्मनीचे." मी लिहिले, "जर्मनीत १९१८ पासून राजाच नाही." मग गटात कुणीच काही बोलले नाही.

त्या शांततेतून हा लेख निघाला आहे. ज्या देशात राजा नाही तिथे राजपुत्र कुठून आला? राज्य नाही तर राणी कशाची? आणि आपल्या पोरांना त्यांचे कौतुक का वाटावे? मित्रांनो, हे प्रश्न जर्मनीचे वाटतात, पण उत्तर शोधायला गेलो की आपण थेट आपल्या दारात येऊन उभे राहतो.

कोण ही सोफी?

व्हिडिओतली नवरी म्हणजे सोफी, ईझेनबुर्ग या जर्मन सरदार घराण्यातली मुलगी. जन्म ७ मार्च १९७८, फ्रँकफुर्ट. हेस्से प्रांतातल्या बिर्श्टाइन येथील खानदानी गढीत ती वाढली. फ्रायबुर्ग आणि बर्लिनच्या विद्यापीठांत शिकली. सामाजिक संस्थांना सल्ला देणाऱ्या कंपनीत तिने नोकरी केली. म्हणजे ही काही पडद्याआडची राणी नव्हे, आजच्या काळातली शिकलेली, कमावती बाई.

नवरा जॉर्ज फ्रीडरिश, जन्म १९७६. जर्मनीचा शेवटचा सम्राट कैसर विल्हेल्म दुसरा याचा खापरपणतू आणि होहेनझोलर्न घराण्याचा आजचा प्रमुख. राजेशाही शिल्लक असती तर गादीवर हा बसला असता, असे त्याचे चाहते मानतात. २७ ऑगस्ट २०११ रोजी बर्लिनला लागून असलेल्या पोट्सडाम शहरात या दोघांचे लग्न झाले. सार्वजनिक दूरचित्रवाणीने ते थेट दाखवले. त्यांना चार मुले आहेत.

आता कायदा काय म्हणतो ते बघा. कैसर नोव्हेंबर १९१८ मध्ये हॉलंडला पळून गेला. १९१९ च्या वायमार संविधानाच्या कलम १०९ ने जन्मावर आधारलेले सगळे विशेषाधिकार संपवले. सरदारकीच्या पदव्यांचे काय करायचे? ठरले असे की पदवी म्हणून त्यांना काही अर्थ नाही, पण नावाचा भाग म्हणून त्या राहतील. म्हणून जॉर्ज फ्रीडरिशच्या नावातले "प्रशियाचा राजपुत्र" हे शब्द आज पदवी नसून आडनाव आहेत. शेजारच्या ऑस्ट्रियाने १९१९ मध्ये जास्त कडक पाऊल उचलले आणि नावातूनही सरदारकी काढून टाकली. जर्मनीने आडनावाची फट ठेवली.

आडनावाची फट काय करते हे आपल्याला कुणी शिकवायला नको. भाड्याने खोली बघायला गेलो की पहिला प्रश्न काय येतो? "नाव काय?" नाव सांगितले की दुसरा, "पूर्ण नाव?" कायद्याने मेलेली गोष्ट आडनावात जिवंत राहते. तिकडे तिने मान मिळतो, इकडे तिने खोली मिळत नाही. यंत्र एकच आहे.

लग्नाची अट: राज्य गेले तरी रक्त राखायचे

सोफी ज्या घराण्यातली, त्या ईझेनबुर्गचे स्वतःचे छोटे राज्य होते. नेपोलियनच्या पराभवानंतर १८१५ मध्ये ते खालसा झाले. पण त्याच वर्षी जर्मन संघराज्याच्या करारात अशा खालसा घराण्यांना एक गोष्ट राखून दिली गेली. ती गोष्ट म्हणजे राज्यकर्त्या घराण्यांशी "जन्माची बरोबरी". जमिनीवरची सत्ता गेली, पण राजघराण्याशी सोयरीक करण्याचा दर्जा शाबूत राहिला. म्हणजे जहागीर गेली, सोवळे राहिले.

दोनशे वर्षांनी बघा. सोफीचे लग्न होहेनझोलर्न घराण्यात झाले. तिची एक बहीण ऑस्ट्रियाच्या हाब्सबुर्ग सम्राटांच्या घराण्यात गेली, दुसरी वीड या जुन्या राजघराण्यात. जॉर्ज फ्रीडरिशची आईही अशाच एका खालसा सरदार घराण्यातली. हा योगायोग नव्हे. होहेनझोलर्न घराण्याचा स्वतःचा घरकायदा होता: बरोबरीच्या जन्माची बायको केली नाही तर वारसा गेला.

उदाहरणे घ्या. कैसरचा थोरला नातू विल्हेल्म याने १९३३ मध्ये डोरोथिया फॉन साल्व्हियाती हिच्याशी लग्न केले आणि वारशावर पाणी सोडले. डोरोथिया काही शेतमजुराची पोर नव्हती, तीही सरदार घराण्यातलीच होती. पण खालच्या पायरीवरच्या सरदारांतली. ही तर तंतोतंत श्रेणीबद्ध विषमता! उच्चांमध्येही उच्च आणि नीच. प्रत्येकाच्या डोक्यावर एक, प्रत्येकाच्या पायाखाली एक. मग वारसा धाकटा नातू लुई फर्डिनांड याच्याकडे आला. त्याच्या दोन थोरल्या मुलांनी साठच्या दशकात सामान्य घरच्या मुलींशी लग्ने केली. त्यांचाही वारसा गेला. तिसरा मुलगा १९७७ मध्ये लष्करी सरावातील अपघातानंतर वारला. म्हणून १९९४ मध्ये आजोबा वारले तेव्हा अठरा वर्षांचा नातू जॉर्ज फ्रीडरिश घराण्याचा प्रमुख झाला.

काका कोर्टात गेले. भांडणाचे मूळ होते १९३८ चा वारसा करार, त्यात बरोबरीच्या लग्नाची अट लिहिलेली. जर्मनीच्या दिवाणी सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्ये अट ग्राह्य धरली. पण २००४ मध्ये संघीय संवैधानिक न्यायालयाने तो निकाल रद्द केला. मुद्दा हा की राजेशाही संपलेल्या देशात अशी अट माणसाच्या लग्नाच्या स्वातंत्र्यावर असह्य दबाव आणू शकते. पुढे २००५ मध्ये मुख्य वारस जॉर्ज फ्रीडरिशच ठरला, इतरांना कायद्याने मिळणारा हिस्सा मिळाला.

एका प्रजासत्ताकात, एकविसाव्या शतकात, न्यायाधीश बसून ठरवत होते की कुणाची बायको "बरोबरीची" नव्हती म्हणून त्याला बापाच्या इस्टेटीतून हाकलता येते का!

९ मे १९१६ रोजी कोलंबिया विद्यापीठात पंचवीस वर्षांच्या एका विद्यार्थ्याने निबंध वाचला होता. भारतातील जातींवर. त्याने सांगितले की जातीचा गाभा म्हणजे गटाच्या आतच लग्न करण्याचे बंधन. बाकी सगळे, सती, बालविवाह, सक्तीचे वैधव्य, हे ते बंधन टिकवण्याचे उपाय. हा विद्यार्थी म्हणजे आपले बाबासाहेब. होहेनझोलर्नचा घरकायदा घ्या आणि बाबासाहेबांचा निबंध शेजारी ठेवा. कुलूप तिकडचे, किल्ली इकडची, आणि ती बरोबर बसते.

त्याच निबंधात त्यांनी आणखी एक गोष्ट सांगितली, जी आपण नेहमी विसरतो. जात वरून खाली अनुकरणानेही पसरली. वरच्याने दार लावून घेतले, खालच्याने त्याचे बघून आपलेही लावले. वसतिगृहाच्या गटातले बदाम म्हणजे दुसरे काय आहे?

"आमची मालमत्ता परत द्या"

कुणी म्हणेल, लग्न त्यांचे, पैसा त्यांचा, तुमचे काय गेले? पैसा कुणाचा, इथेच खरी मेख आहे.

१९१८ च्या क्रांतीने राजा घालवला, पण राजाची इस्टेट कुणाची हा प्रश्न लोंबकळत राहिला. १९२३ च्या महागाईत सामान्य जर्मन माणसाची आयुष्यभराची बचत रद्दी झाली होती. युद्धात नवरा गमावलेल्या बायका पेन्शनसाठी रांगेत उभ्या होत्या आणि माजी राजे कोर्टात भरपाई मागत होते. २० जून १९२६ रोजी सार्वमत झाले: राजांची मालमत्ता मोबदला न देता जनतेची करावी का? जवळपास १ कोटी ४५ लाख लोकांनी "हो" म्हटले. पण नियम असा लावला होता की एकूण मतदारांपैकी निम्म्यांनी, म्हणजे सुमारे २ कोटींनी, हो म्हणायला हवे. प्रस्ताव पडला. होहेनझोलर्नना करारात प्रचंड जमीन आणि संपत्ती मिळाली.

दुसऱ्या महायुद्धानंतर पूर्व जर्मनीत सोव्हिएत अंमलाखाली ती पुन्हा गेली. जर्मनी एक झाल्यावर १९९४ मध्ये कायदा आला: अशा लोकांना काही भरपाई मिळेल, पण ज्याने नाझी राजवटीला लक्षणीय हातभार लावला असेल त्याला आणि त्याच्या वारसांना नाही. घराण्याने दावा लावला होता. ब्रँडनबुर्ग राज्याने २०१५ मध्ये तो फेटाळला. घराणे कोर्टात गेले. २०१९ मध्ये वर्तमानपत्रांतून देशाला कळले की सरकारशी पडद्याआड वाटाघाटी चालू आहेत आणि कलावस्तूंबरोबरच पोट्सडामच्या सेसिलियनहोफ राजवाड्यात राहण्याचा हक्कही मागितला गेला आहे.

सेसिलियनहोफ कधी बांधला? १९१३ ते १९१७. म्हणजे पहिले महायुद्ध चालू होते आणि जर्मन शहरांतले लोक गुरांना घालायचे सलगम खाऊन हिवाळा काढत होते, तेव्हा युवराजासाठी १७६ खोल्यांचा वाडा उभा राहत होता.

आणि हा युवराज कोण? जॉर्ज फ्रीडरिशचा पणजोबा. त्याने १९३२ च्या राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीत हिटलरला मत देणार असे जाहीर केले. २१ मार्च १९३३ रोजी पोट्सडामच्या चर्चमध्ये हिटलर सत्तेला जुन्या प्रशियाची झूल पांघरत होता, तेव्हा हा युवराज तिथे हजर होता. त्याचा भाऊ ऑगस्ट विल्हेल्म तर १९३० पासून नाझी पक्षाचा सभासद. हे "लक्षणीय हातभार" आहे की नाही, यावर इतिहासकारांत वाद झाला. श्टेफान मालिनोव्स्की यांनी आहे असे ठामपणे मांडले. त्यांच्या पुस्तकाला २०२२ मध्ये जर्मनीचा ललितेतर ग्रंथांचा मोठा पुरस्कार मिळाला. या काळात घराण्याच्या वकिलांनी इतिहासकार आणि पत्रकारांना नोटिसा पाठवल्या. ज्यांनी कागद वाचले त्यांनाच कोर्टाचा धाक!

पण लोक गप्प बसले नाहीत. संसदेच्या समितीसमोर सुनावणी झाली, गुप्त अहवाल लोकांसमोर आले, लेख लिहिले गेले. शेवटी मार्च २०२३ मध्ये जॉर्ज फ्रीडरिशने भरपाईचे दावे मागे घेतले. २०२५ मध्ये कलावस्तूंबाबत समझोता झाला आणि त्या सार्वजनिक संग्रहालयांतच राहतील असे ठरले. लक्षात घ्या, हे कुणा राजाच्या औदार्याने झाले नाही. नागरिकांनी इतिहास वाचला आणि प्रश्न विचारले, म्हणून झाले.

ज्यांचा दावा कुणी ऐकलाच नाही

आता ज्यासाठी मी एवढे लिहीत आलो, ती गोष्ट.

याच कैसरच्या काळात आजचा नामिबिया ही जर्मनीची वसाहत होती. हेरेरो लोकांनी १९०४ मध्ये जमिनी आणि गुरे हिसकावणाऱ्यांविरुद्ध उठाव केला. जनरल लोथार फॉन ट्रोथा याने २ ऑक्टोबर १९०४ रोजी हुकूम काढला की जर्मन हद्दीत दिसेल त्या हेरेरोला गोळी घाला. माणसांना वाळवंटात हाकलले, पाण्याच्या जागा अडवल्या. उरलेल्यांना छळछावण्यांत डांबले. नामा लोकांचेही तेच केले. हजारो माणसे मेली. इतिहासकारांच्या सर्वसाधारण अंदाजानुसार बहुसंख्य हेरेरो आणि जवळपास निम्मे नामा संपले. मेलेल्यांची डोकी कापून बर्लिनला पाठवली गेली, कशासाठी? तर आफ्रिकी माणूस हलक्या वंशाचा आहे हे मोजपट्टीने सिद्ध करायला!

त्यातल्या वीस कवट्या बर्लिनच्या एका वैद्यकीय संग्रहातून नामिबियाच्या प्रतिनिधींच्या हाती देण्यात आल्या. केव्हा? ३० सप्टेंबर २०११. पोट्सडामच्या त्या शाही लग्नाला जेमतेम महिना झाला होता. घोडागाडी जिथून गेली तिथून हे ठिकाण लोकलने तासाभराच्या आत. एकीकडे रक्ताच्या शुद्धतेचा सोहळा, दुसरीकडे रक्ताच्या शुद्धतेच्या शास्त्राचे बळी, शंभर वर्षांनी खोक्यात घरी निघालेले. आपल्या गटात कुठला व्हिडिओ फिरला?

जर्मनीने हा नरसंहार होता असे सरकारी पातळीवर मान्य केले ते २०२१ मध्ये. ३० वर्षांत ११० कोटी युरो विकासकामांसाठी देऊ केले. पण त्याला "भरपाई" म्हणायला नकार दिला. हेरेरोंच्या पारंपरिक संघटना म्हणाल्या, आम्हाला वगळून आमच्याबद्दल ठरवलेले आम्हाला मान्य नाही. बघा भाषा कशी चालते. कैसरचा खापरपणतू मागतो तेव्हा तो "दावा" असतो, त्याला वकील असतात, कायदा असतो, वाटाघाटीचे टेबल असते. हेरेरोची खापरपणती मागते तेव्हा ती "मदत" होते.

होहेनझोलर्न घराण्याचे १९५२ पासूनचे एक प्रतिष्ठान आहे. गरजू मुलांना ते किल्ल्यावर सुट्टीला नेते. चांगले आहे, मुलांना आनंद मिळत असेल. पण दान देणारा हात नेहमी वर असतो. आपल्याला दान आणि हक्क यातला फरक चवदार तळ्यावर शिकवला गेला आहे. पाणी मागायला नव्हतो गेलो, पाण्यावरचा हक्क सांगायला गेलो होतो.

सोफीवर राग नाही

कुणी गैरसमज करून घेऊ नये. सोफीने कुणाला मारलेले नाही. पणजोबाचे पाप पणतसुनेच्या डोक्यावर मारणे हा मनूचा न्याय झाला, आपला नव्हे. जन्मावरून माणसाला दोषी ठरवायचे नाही, हे आपल्याइतके कुणाला कळणार? पण मग जन्मावरून माणसाला थोरही ठरवायचे नाही. दोन्ही एकाच वाक्याचे दोन भाग आहेत. दुसरा भाग गाळला की पहिला खोटा पडतो.

आणि आपण?

आपल्या संविधानाचे कलम १७ अस्पृश्यता संपवते आणि लगेच पुढचे कलम १८ पदव्या संपवते. ही दोन कलमे शेजारी शेजारी आहेत. एक खालचा कडा तोडते, दुसरे वरचा. तरी माजी संस्थानिकांचे तनखे चालूच होते. १९७० मध्ये ते बंद करायचे विधेयक राज्यसभेत अगदी थोडक्यात पडले. मग राष्ट्रपतींच्या आदेशाने संस्थानिकांची मान्यता काढली, तर सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. अखेर डिसेंबर १९७१ मध्ये २६ वी घटनादुरुस्ती झाली आणि तनखे गेले. पण फलकांवर "श्रीमंत", "महाराज", "युवराज" आजही आहेत. निवडणुकीचे तिकीटही आहे. जर्मनीचे हसू कशाला करायचे?

इथे एक प्रश्न हमखास येतो: "मग शाहू महाराज? सयाजीराव?" प्रश्न प्रामाणिक आहे, उत्तरही प्रामाणिक देऊ. २६ जुलै १९०२ रोजी कोल्हापुरात मागासलेल्यांसाठी ५० टक्के जागा राखून ठेवणाऱ्या माणसापुढे आपण झुकतो. बाबासाहेबांना परदेशी शिकायला पाठवणाऱ्या माणसाचे उपकार मानतो. पण ते गादीवर जन्मले म्हणून नव्हे. गादीवर जन्मलेले तेव्हा शेकड्यांनी होते, त्यांची नावे आपल्याला माहीतही नाहीत. शाहूंनी गादी समतेच्या कामाला लावली म्हणून ते आपले. कर्तृत्वाला जयंती असते, रक्ताला नसते.

आता सगळ्यात कडू घोट. आपल्यातले किती जण लग्न जमवताना पोटजात विचारतात? बायोडाटावर "बौद्ध" लिहायचे आणि फोनवर हळूच "तुमचे मूळ कोणते?" विचारायचे. नोकरी लागलेला पोरगा वस्तीतली मुलगी नको म्हणतो. शहरातला गावाकडच्याला नाक मुरडतो. कुणा पोरीने मातंग, चर्मकार किंवा आदिवासी मुलगा निवडला तर आपलीच वडीलधारी मंडळी तोंड फिरवतात. हा आपला घरकायदाच नव्हे का? होहेनझोलर्नांकडे राजवाडे तरी होते, राखायला काहीतरी होते. आपण काय राखतोय? ज्या कुलपात आपल्याला शतकानुशतके कोंडले, त्याच कुलपाची नक्कल करून आपल्या दोन खोल्यांच्या घराला लावतोय.

आणि चळवळीतही नेता गेला की त्याचा मुलगा, मुलगा नसेल तर पुतण्या, हे आपण किती सहज मान्य करतो? २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत बाबासाहेबांनी राजकारणातल्या व्यक्तिपूजेचा धोका सांगितला होता. तो इशारा फक्त दुसऱ्यांसाठी नव्हता.

मित्रांनो, लंडनला शिकत असताना बाबासाहेबांनी बॉन विद्यापीठातही नाव नोंदवले होते. कैसर पळाला त्याला तेव्हा चारेक वर्षेच झाली होती. सम्राटाचे साम्राज्य एका आठवड्यात कोसळू शकते, हे त्या काळच्या जगाने पाहिले होते. पण मुकुट पडायला आठवडा लागतो आणि मुकुटाचा मान मनातून उतरायला शतकही पुरत नाही. हा त्यातला धडा आहे.

म्हणून पुढच्या वेळी असा व्हिडिओ आला की बदाम टाकण्याआधी तीन प्रश्न टाका. हा थाट कुणाच्या घामाचा? या लग्नाच्या दाराबाहेर कुणाला ठेवले आहे? आणि माझ्या घराच्या दारावर तेच कुलूप तर नाही? तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर ज्याला खरे देता येईल, त्यालाच पहिले दोन विचारण्याचा अधिकार आहे.

जय भीम! जय संविधान!